मधला सूर

आम्ही तिघं भावंडं टेक्सासमध्ये कंट्री म्युझिक गात असू, हे आज कुणाला सांगितलं की लोक आधी हसतात. हसण्यासारखं त्यात होतंच. वडील ह्यूस्टनजवळच्या केमिकल प्लांटमध्ये इंजिनिअर, घर शुगर लँडला, रोजच्या जेवणात वरणभात, आणि शनिवार आला की आम्ही काउबॉय बूट चढवून व्हॅनमध्ये बसायचो. दादा गिटार वाजवायचा आणि खालचा सूर गायचा. धाकटीचा आवाज सगळ्यांच्या वर. ती फिडल वाजवायची, म्हणजे शाळेत शिकलेलं व्हायोलिनच, फक्त ढंग निराळा. मी बेस गिटार सांभाळायचे आणि त्या दोघांच्या मधला सूर गायचे.

आईला हे तीन सूर कधीच पटले नाहीत. सगळ्यांनी मिळून गायचं तर एका सुरात गायचं, एवढंच तिला ठाऊक. तिघं तीन ठिकाणी गातात आणि लोक टाळ्या कशा वाजवतात, असं ती विचारायची. आम्हाला तरी ते कुणी शिकवलं होतं? लांबच्या ड्राइव्हमध्ये रेडिओबरोबर गाता गाता जमून गेलं. भावंडांचे आवाज जसे एकमेकांत मिसळतात तसे परक्यांचे मिसळत नाहीत, हे पुढे लोकांनीच आम्हाला सांगितलं.

सुरुवात काउंटी फेअरमधून, म्हणजे तिथल्या जत्रांमधून झाली. आमचं आडनाव निवेदकाच्या तोंडात बसेना, म्हणून तो नुसतं 'हे भाऊबहिणी' म्हणून स्टेजवर बोलवायचा. तेच ग्रुपचं नाव पडलं. काही गावांत आम्ही इराणी वाटायचो, आणि तेहरानमध्ये अमेरिकन लोक ओलीस होते त्या दिवसांत इराणी वाटणं बरं नव्हतं. एका डान्स हॉलमध्ये पुढच्या टेबलावरचा माणूस आम्हाला सारखा आपल्या देशात परत जायला सांगत होता. दादाने त्याच्याकडे न बघता गाणं सुरू केलं. दुसऱ्या कडव्याला तो माणूस बायकोला घेऊन नाचायला उठला. माझी बोटं मात्र शेवटच्या गाण्यापर्यंत गार होती.

दादाने या गाण्यापायी इंजिनिअरिंग अर्ध्यावर सोडलं. वडील त्याच्याशी कित्येक महिने बोलले नाहीत. गाणी तो निवडायचा, कार्यक्रम तो ठरवायचा, व्हॅन तोच चालवायचा. ह्यूस्टनमधल्या एका छोट्या स्टुडिओत आम्ही एक रेकॉर्ड केली, ती आसपासच्या रेडिओवर लागायला लागली, आणि मोठ्या गायकांच्या आधी अर्धा तास आम्हाला मिळू लागला. तेव्हा वडील पहिल्यांदा ऐकायला आले. मागे उभे राहिले, कार्यक्रम संपायच्या आत घरी गेले. पण आले होते.

मग तेलाचे भाव कोसळले आणि वडिलांची नोकरी गेली. घरात भांडं पडलं तरी सगळे दचकायचे. अशातच सॅन अँटोनिओच्या एका दुपारच्या कार्यक्रमाला नॅशव्हिलच्या, म्हणजे कंट्री म्युझिकच्या राजधानीतल्या, रेकॉर्ड कंपनीचा माणूस आला. सभ्य, हळू बोलणारा. आम्ही बहिणी सामान भरत होतो तेव्हा तो दादाशी व्हॅनच्या मागे बोलला. दादा आत येऊन बसला, पण किल्ली फिरवेना.

"त्यांना फक्त तू हवी आहेस," तो धाकटीला म्हणाला. "महिन्याभरात सांग म्हणाले."

"आणि तुम्ही?" तिने विचारलं.

"सांगितलं ना. फक्त तू."

घरी पोचेपर्यंत कुणी रेडिओसुद्धा लावला नाही.

तो महिना मी कसा काढला ते मलाच माहीत. ठरलेले कार्यक्रम रद्द करता येत नव्हते. दोघं एकमेकांशी बोलत नव्हते, सगळे निरोप माझ्यामार्फत. त्याला सांग माझा माइक बंद पडतोय. तिला सांग पाचला निघायचंय. स्टेजवर मात्र दोघं हसायचे. आणि एका कार्यक्रमात दादाने न सांगता गाण्याची पट्टी चढवली. धाकटीने क्षणभर त्याच्याकडे पाहिलं आणि त्याच पट्टीत गायली. पुढच्या वेळी त्याने आणखी चढवली. तिच्या मानेच्या शिरा ताठ व्हायच्या, पण ती सूर सोडायची नाही. उलट शेवटचा स्वर इतका लांबवायची, की दादाला गिटारवर हात थांबवून वाट बघावी लागायची. मध्ये मी. लोकांना वाटायचं, काय बहारदार गातात.

मी त्याला स्वयंपाकघरात गाठलं. म्हटलं, तू तिला पाडायला बघतोयस.

"तिथे तिला कोण सांभाळून घेणार आहे?" तो म्हणाला. "मोडायची असली तर इथेच मोडू दे."

तो खरं बोलत होता की नाही, मला कळलं नाही. त्याला तरी कळत होतं का, कोण जाणे.

महिन्यातला शेवटचा कार्यक्रम एका लहान गावच्या जत्रेत होता. ऑगस्टची दुपार, पत्र्याचं छत, घामाने बोटं तारांवरून घसरत होती. तिसऱ्या गाण्याच्या मध्येच वीज गेली. माइक मेले, माझा बेस मुका झाला. लोक थोडा वेळ थांबले, मग खुर्च्या सरकवण्याचे आवाज सुरू झाले. संयोजक हातानेच 'चालू ठेवा' अशी खूण करत होता. दादाने इलेक्ट्रिक गिटार खाली ठेवली, साधी उचलली आणि स्टेजच्या कडेला जाऊन उभा राहिला. आम्ही दोघी त्याच्या दोन बाजूंना. माइक नसल्यामुळे खांद्याला खांदा लावून उभं राहावं लागलं. त्याने पहिली तार छेडली आणि मला कळलं, पट्टी तिची होती, जुनी. धाकटीलाही कळलं. इतक्या जवळून आम्ही तिघं एकमेकांना फार दिवसांनी ऐकत होतो. मागच्या रांगांना किती ऐकू गेलं कुणास ठाऊक, पण खुर्च्या पुन्हा वाजल्या नाहीत.

स्टेजमागे बर्फाच्या पेटीजवळ ती त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली.

"दादा, मी जाते."

तो पाणी पीत होता. ग्लास संपवून म्हणाला, "जा. पट्टी त्यांना ठरवू देऊ नकोस. तू सांग."

ती गेली. दादा पुन्हा कॉलेजला गेला, मी बँकेत लागले. पुढच्या वसंतात मी गाडीत असताना तिचं गाणं रेडिओवर लागलं. तिचा आवाज स्वच्छ, मोकळा. आणि खाली मधला सूर दुसरीच कुणीतरी गात होती, अगदी बिनचूक. मी गाडी कडेला घेतली. आनंद झाला होता, आणि रडूही येत होतं, आणि ते थांबेपर्यंत मी तिथेच बसून राहिले.

दोन रेकॉर्डनंतर कंपनीने तिचा करार वाढवला नाही. फोनवर तिने ते मराठीत सांगितलं, परत येतेय म्हणाली. एरवी ती आमच्याशी इंग्रजीतच बोलायची. दादा म्हणाला, मी विमानतळावर जातो. मीही गेले. ती दोन बॅगा आणि फिडल घेऊन बाहेर आली. दादाने फिडल हातात घेतली, बॅगा मला दिल्या. नॅशव्हिलबद्दल त्याने काही विचारलं नाही. हायवेवर लागल्यावर ती म्हणाली, तू चुकीचा एक्झिट घेतलास. तो म्हणाला, मी रोज याच रस्त्याने जातो. ती म्हणाली, मग रोज चुकतोस. घर येईपर्यंत दोघं त्यावरून भांडत होते, थेट एकमेकांशी, आणि मी मागच्या सीटवर डोळे मिटून पडले होते.