गेटाजवळची जागा

मालिनीला एखाद्या ठिकाणी उभं राहायला सांगितलं की ती उभी राहते. याला गुण म्हणा, नाहीतर खोड म्हणा. संगमनेरला लग्नाच्या पंगतीत घरची मंडळी हात धुवायला गेली की सगळ्यांच्या पाटांवर नजर ठेवायचं काम हिच्याकडे असायचं. कुणी परकं माणूस टेकायला लागलं की ही दोन्ही हात पसरून ओरडायची, "इथे आमचे काका आहेत!" काका तोवर मांडवाबाहेर कुणाशी तरी राजकारणावर बोलत उभे असायचे. गॅसच्या रांगेत हीच, डॉक्टरांकडे नंबर लावायलाही हीच. "तू हो पुढे, आम्ही आलोच," असं म्हणून माणसं या मुलीला पुढे पाठवायची आणि आपण निवांत यायची. त्यात कुणाला काही वावगं वाटत नसे. तिलाही वाटत नसे, हीच खरी गोम.

नेदरलँड्सला मात्र ती मागाहून आली. प्रसन्नला आइंडहोवनला नोकरी लागली. चिप बनवायची मशिनं जिथे तयार होतात तिथला तो इंजिनिअर. त्याच्या मागोमाग ही आली, कडेवर विराज आणि पासपोर्टवर नवऱ्याच्या नावाचा आधार. पुढे घर घेतलं ते रॉटरडॅमशेजारच्या कापेलला, कारण तिथे परवडलं. प्रसन्न रोज आइंडहोवनला ये-जा करायला लागला आणि मालिनी डच शिकायला. आता ती एका दातांच्या दवाखान्यात काउंटरवर बसते. ज्यांना दाढ दुखूनही "तसं काही विशेष नाही" म्हणायची सवय आहे, अशा डच म्हाताऱ्यांना ती गोड बोलून आजच्या आजची वेळ देते. दवाखान्यात तिचा शब्द चालतो. घरी आली की पुन्हा "तू हो पुढे."

तर त्या शनिवारी दुपारी ही मालिनी रॉटरडॅमच्या बेसबॉलच्या मैदानाबाहेर, गेटाला अगदी लागून असलेल्या पार्किंगच्या एका रिकाम्या चौकोनात उभी होती. एकटी नव्हती, सायकल आडवी लावून उभी होती.

कारण असं की विराज त्या दिवशी पहिल्यांदाच मोठ्यांच्या संघातून खेळणार होता, आणि तेही सुरुवातीचा पिचर म्हणून. म्हणजे मॅचचा पहिला चेंडू त्याच्या हातचा. इथे शेजारच्या मुलानं नेलं म्हणून तो लहानपणी या खेळाला चिकटला तो चिकटलाच. क्रिकेटचं नाव काढलं तर "बाबा, प्लीज" म्हणायचा. आणि मालिनीनं त्याला धड खेळताना कधी पाहिलं नव्हतं. क्लबात पाळीपाळीनं आईबापांनी काम करायचं असतं. तिची पाळी नेहमी कॅन्टीनमध्ये. मुलगा मैदानात धावायचा आणि आई आत फ्रिकांडेल, म्हणजे इथल्या मांसाच्या लांबट नळ्या, तळायची. बाहेर आरडाओरडा झाला की झारा हातात घेऊन खिडकीशी यायची, तोवर झालेलं असायचं. म्हणून या वेळी विराजनं आदल्या दिवशी मुद्दाम विचारलं होतं, "यू आर कमिंग, राइट? नॉट द कॅन्टीन?"

"जाळीच्या मागे बसेन. पहिला बॉल टाकशील तेव्हा समोर असेन," ती मराठीत म्हणाली होती.

"ओके, मॅम." एवढंच म्हणून तो जिना चढून गेला, पण अर्ध्या जिन्यावर थांबून त्यानं एकदा मागे बघितलं होतं. ते तिच्या मनातून जात नव्हतं.

आता हा चौकोन कुणासाठी, तर सासऱ्यांसाठी. श्रीधरराव पुण्याहून आले होते आणि आठवडाभर आइंडहोवनला लेकीकडे, चारुताकडे राहिले होते. खुब्याचं ऑपरेशन झाल्यापासून काठी घेऊन चालतात. सोमवारी त्यांचं परतीचं विमान. नातवाचा खेळ बघायचा म्हणून प्रसन्न त्यांना आणायला सकाळीच गेला होता, आणि जाताना म्हणाला होता, "तू सायकलनं हो पुढे. आज गर्दी असणार. गेटाजवळ एखादी जागा धरून ठेव, बाबांना लांबून चालवणार नाही."

जागा धरून ठेव! मालिनीला यात काही विचित्र वाटलं नाही. सायकलवर टांग मारली, वेळेच्या खूप आधी पोचली, पहिल्या रांगेतला शेवटचा रिकामा चौकोन हेरला आणि त्यात जाऊन उभी राहिली.

पहिली लाल गाडी आली. आतल्या बाईनं काच खाली केली. मागे तीन पोरं, एकाच्या डोक्यावर उलटी टोपी.

"ही जागा रिकामी आहे ना?"

"माझा नवरा येतोय," मालिनी डचमध्ये म्हणाली.

बाईनं रस्त्याकडे बघितलं. रस्त्यावर कुणाचाही नवरा दिसत नव्हता. "पण तो इथे नाहीये," ती म्हणाली.

"दोन मिनिटांत येईल."

"विशेषच आहे," बाई म्हणाली आणि गाडी वळवून घेऊन गेली. डच माणूस 'विशेष' म्हणाला की ते कौतुक नसतं, हे मालिनीला दवाखान्यात पहिल्याच महिन्यात कळलं होतं. तिचे कान तापले. दवाखान्यात असं कुणी रांग मोडून उभं राहिलं असतं तर तिनंच गोड आवाजात त्याला मागे पाठवलं असतं.

मग चांदीच्या रंगाची एक आली, मग मोठी काळी. काळीवाल्यानं हॉर्न नाही वाजवला, नुसता बघत राहिला. हॉर्न परवडला असता. मालिनी सायकलच्या हँडलला धरून उभी. एकदा या पायावर भार, एकदा त्या. तिची चुळबुळ बघून कुणालाही वाटलं असतं, या बाईला टॉयलेट सापडत नाहीये.

तिनं फोन लावला.

"अगं, पूल उघडलाय," गाडीच्या स्पीकरमधून प्रसन्नचा आवाज आला. "कुठलीतरी शिडाची बोट चाललीय ऐटीत. आम्ही बसलोय बघत."

मागून श्रीधररावांचा आवाज आला, "छान आहे हो बोट."

"अरे पण दोन वाजत आले. तो सुरुवातीलाच टाकणार आहे, प्रसन्न."

"येतो ना. जागा सोडू नकोस हां!"

फोन बंद झाला. तेवढ्यात केशरी जाकीट घातलेले एक आजोबा तिच्याकडे चालत आले. योप त्यांचं नाव. क्लबाचे जुने स्वयंसेवक, दर मॅचला पार्किंग बघतात. कॅन्टीनमुळे चेहरा ओळखीचा.

"मेव्राऊ," म्हणजे बाईसाहेब, ते शांतपणे म्हणाले, "तुम्ही गाडी नाही."

"ठाऊक आहे," मालिनी म्हणाली.

"इथे गाड्या उभ्या करतात."

"माझे सासरे येतायत. त्यांना चालता येत नाही नीट, काठी आहे."

योप यांनी विचार केला. "मग त्यांना गेटाशी उतरवायचं आणि गाडी मागच्या गवतात नेऊन लावायची. सगळे तेच करतात."

आता यात न पटण्यासारखं काय होतं? मालिनीला पटलंच. इतकं पटलं की हे आपल्या किंवा आपल्या इंजिनिअर नवऱ्याच्या डोक्यात का आलं नाही, याची तिला लाजच वाटली. पण 'सोडू नकोस' म्हटलं होतं ना! तिनं योप यांच्याकडे अशा काही चेहऱ्यानं बघितलं की ते खांदे उडवून म्हणाले, "माझ्याच्यानं काही तुम्हाला उचलवणार नाही," आणि दुसरीकडे निघून गेले.

मग आत लाउडस्पीकर सुरू झाला. आधी गाणं, मग पाहुण्या संघाची नावं, मग यजमानांची. एकेका नावाला टाळ्या पडत होत्या. शेवटी पिचरचं नाव आलं, आणि सांगणाऱ्यानं तिच्या मुलाच्या आडनावाची हाडं मोडून ते जोरात पुकारलं. मालिनीनं गेटाकडे दोन पावलं टाकली आणि लगेच मागे फिरली, कारण तेवढ्यात एक निळी गाडी नाक खुपसायला आलीच होती. "नाही, नाही, सॉरी," असं म्हणत ती पुन्हा चौकोनात.

जाऊ का आत? ती स्वतःशीच म्हणाली. गेले आणि नेमके ते आले तर? बाबांना लांबून चालावं लागलं, पाय मुरगळला, सोमवारचं विमान चुकलं तर? माणसाचं मन एकदा कुढायला लागलं की त्याला पुलाचं निमित्तही पुरतं. इकडे हे, आणि तिकडे अर्ध्या जिन्यावरून मागे बघणारा मुलगा. तिला एकाच वेळी दोन्हीकडे जायचं होतं, म्हणून ती कुठेच गेली नाही.

आत एकदम गलका झाला.

कुणाच्या बाजूचा? आपल्या की त्यांच्या? भिंतीपलीकडून गलक्याला रंग नसतो. चेंडू मारला गेला असेल तरी लोक ओरडतात, हुकला तरी ओरडतात. मालिनी टाचा उंच करून उभी राहिली. दिसला तो फक्त झेंड्याचा दांडा. मग शांतता. मग पुन्हा गलका, आधीपेक्षा मोठा. तिच्या डोळ्यांत पाणी आलं आणि त्याचा तिला रागही आला. काय चाललंय हे, भर पार्किंगमध्ये!

इतक्यात फोन थरथरला. घरच्या ग्रुपवर फोटो आला होता. क्लबाची लाल टोपी घातलेले श्रीधरराव, दोन्ही हात काठीच्या मुठीवर, तोंडभर हसू. त्यांच्या मागे जाळी, आणि जाळीपलीकडे हात मागे ताणून उभा असलेला विराज. खाली प्रसन्ननं लिहिलं होतं, "आजोबा स्टेडियममध्ये!" आइंडहोवनहून चारुतानं बदाम पाठवलेसुद्धा होते.

मालिनीनं फोटो मोठा करून बघितला. मग पुन्हा लहान केला. बाबा आत होते. फोटो काढणारा आत होता. विराज आत होता. ज्यांच्यासाठी जागा धरली ते सगळे जागेवर पोचले होते, आणि ती एका रिकाम्या चौकोनात सायकल धरून उभी होती.

असा संताप तिला आयुष्यात आला नव्हता. आधी प्रसन्नचा आला, मग पुलाचा, त्या शिडाच्या बोटीचा. आणि मग स्वतःचा आला, तो मात्र जाईना. योप सांगत होते तेव्हा का ऐकलं नाही? कुणी बांधून ठेवलं होतं?

तिनं सायकल उचलली आणि कुंपणाला टेकवली. योप लांबून बघत होते. "आला का नवरा?"

"केव्हाच," ती म्हणाली आणि पळत सुटली.

ती पायऱ्या चढून वर पोचली तेव्हा संघ बाजू बदलत होते. विराज मान खाली घालून, हातमोजा मांडीवर आपटत कट्ट्याकडे चालला होता. तिला त्याची पाठ दिसली.

"अगं, होतीस कुठे?" प्रसन्नचा चेहरा आनंदानं फुलला होता. "काय टाकलं पोरानं! तिघंही बाद! शेवटचा तर नुसता उभाच राहिला बॅट घेऊन."

"मी गेटाजवळ जागा धरून उभी होते."

"अजून? मॅच सुरू झाल्यावर?" त्याला खरोखरच आश्चर्य वाटलं होतं. "अगं, चौकातून आम्हाला पलीकडच्या बाजूला वळवलं. तिथेही गेट आहे. बाबांना तिथेच उतरवलं आणि गाडी मागच्या गल्लीत टाकली. मला वाटलं तू आत गेली असशील. पहिला बॉल सोडून कोण बाहेर उभं राहील?"

ती बाबांच्या शेजारी बसली. श्रीधरराव मैदानाकडे बघत म्हणाले, "तो इकडे बघत होता हो. टाकायच्या आधी दोनदा बघितलं त्यानं."

आपल्या संघाची फलंदाजी कशी झाली ते तिला काही दिसलं नाही. कुणीतरी धावलं, कुणीतरी घसरत पडलं, लोक हळहळले. मग पुन्हा बाजू बदलली, आणि विराज कट्ट्यावरून उठून मधल्या उंचवट्याकडे चालायला लागला.

नेमका तेव्हाच प्रसन्न घड्याळ बघून उभा राहिला. "अरे बाप रे! ती गल्ली निळ्या झोनमध्ये आहे. काचेवर वेळेची चकती लावलीय, पण थोड्याच वेळाची मुभा असते तिथे." त्यानं खिशातून किल्ली काढली आणि तिच्यापुढे धरली. "मालिनी, तू जरा गाडी हलवून येतेस? तू धरलेली जागा अजून मोकळी असेल बघ. पटकन जा, मी बाबांपाशी थांबतो."

किल्ली तिच्या नाकासमोर डोलत होती. तिचा हात सवयीनं उठलाही. अर्ध्यावर आला आणि तिनं तो परत मांडीवर ठेवला.

"नाही," मालिनी म्हणाली.

"अगं, दंड होईल."

"होऊ दे. मी उठणार नाही."

हे तिनं मोठ्यानं म्हटलं नव्हतं, तरी पुढच्या रांगेतल्या दोघांनी मागे वळून बघितलं. तिनं दोन्ही हात गुडघ्यांमध्ये दाबून धरले. प्रसन्न किल्ली तशीच धरून तिच्यासमोर उभा. रागावलाही नव्हता, नुसता गोंधळला होता. पायाखालची पायरी एकाएकी नसावी तसा. मैदानात विराजनं टोपी मागे सारली होती आणि चेंडू हातात फिरवत तो जाळीकडे, मागच्या रांगांकडे बघत होता, मान थोडी डावीकडे, थोडी उजवीकडे.

श्रीधररावांनी काठी उचलून मुलाच्या कमरेला टोचली.

"प्रसन्न, बाजूला हो. पोराला आई दिसत नाहीये."