सातव्यांदा नवीन

सहा वर्षांत मी एकाच कंपनीत सात वेळा नवीन लागले. दर काही महिन्यांनी ठेकेदार ‘ब्रेक’ देतो, गेटपास काढून घेतो आणि पंधरा-वीस दिवसांनी त्याचाच माणूस पुन्हा कोरा फॉर्म पुढे करतो. सलग नोकरी दिसली तर बाया ‘कायम करा’ म्हणतील ना, म्हणून ही सगळी तऱ्हा.

यंदाही नगरच्या एमआयडीसीत गेटवर फॉर्म आला. ‘अनुभव’पाशी माझं पेन अडलं.

“‘नाही’ लिहा, ताई. दर वेळी काय विचार करता?” ठेकेदाराचा माणूस वैतागला.

लिहिलं. आठवीत शाळा सुटलेल्या, पार अकोले तालुक्यातल्या डोंगरातून आलेल्या बाईला पंख्याखाली बसून करायचं काम यानंच मिळवून दिलं होतं. ते उपकार मी विसरत नाही. हे काम गेलं तर पुढं काय, ही धास्तीही सुटत नाही.

मग नवीन बायांचं ट्रेनिंग. पंपाच्या मोटारीत तांब्याची तार कशी भरायची ते शिकवायला या खेपेला नवी मॅडम होती. तिनं तार खाचेच्या कडेवरून ओढली. अशानं तारेवरचा लेप खरवडून निघतो, मोटार जळते. मी गप्प बसायचं ठरवलं होतं. तिनं दुसऱ्यांदा ओढली तेव्हा हात पुढे गेलाच.

“अशी नका ओढू. आधी खाचेत कागद सरकवा, मग बोटानं दाबत न्या.”

मॅडमनं तसं करून पाहिलं. “हे कुठं शिकलात?”

“इथंच.” बोलून गेले.

मागं माझ्यासारख्याच ‘नवीन’ बाया फिसकन हसल्या. मॅडमनं माझा फॉर्म काढला. “यात तर ‘नाही’ लिहिलंय.”

दारातून ठेकेदाराचा माणूस खाकरला. “ताईंना मस्करीची लई सवय हाय, मॅडम.”

“तुम्ही सांगा, खरं काय?” तिनं मलाच विचारलं.

सहा वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं. सगळं ओठांवर आलं. तेवढ्यात त्या माणसाच्या हातातले नवे गेटपास दिसले. वरचाच माझा होता.

“मस्करीच केली. गावाकडं भाऊ मोटारी भरतो, त्याचं बघून येतं थोडं.”

मला भाऊच नाही.

“नवीन असून हात छान आहे,” मॅडम म्हणाली. गेटपास मिळाला.

कामाला बसलो तशी शेजारची बाई हळूच म्हणाली, “तुझ्या भावाला सांग की, आमची पण मोटार भरून दे म्हणावं.”

मी रागाच्या भरात चार वेढे जास्त घातले आणि ते सोडवत बसले.