भाऊजींची मोजणी

आमच्या भाऊजींनी अडतीस वर्षांत एकही प्रवासी मागे ठेवलेला नाही. हे मी म्हणत नाही. ते स्वतःच म्हणतात, रोज सकाळी आठ वाजता, बसच्या माईकवरून. पुढच्या दारापासून मागपर्यंत प्रत्येक सीटच्या पाठीवर दोन बोटं टेकवत जातात, ओठ हलवत मोजतात आणि ड्रायव्हरला आकडा सांगतात. मग म्हणतात, "चला." दिवसाला पाच ठिकाणं, दोन देवळं, एक तळघर, एक पडका वाडा आणि शेवटी टेकडीवरचं मोठं देऊळ. प्रत्येक ठिकाणाहून निघताना पुन्हा तीच दोन बोटं.

भाऊजी म्हणजे ह्यांचे धाकटे भाऊ. बारा वर्षांचे असताना आमच्याकडे आले, ते सत्ताविसाव्या वर्षी लग्न करून वेगळे झाले. पंधरा वर्षं त्यांचा डबा मी भरला. शाळेत दोनदा नापास. एका औषधाच्या दुकानात चार महिने, एका छापखान्यात सात. कुठेच टिकले नाहीत, कारण त्यांना हातांपेक्षा तोंड चालवायची हौस. तेविसाव्या वर्षी टूर कंपनीत लागले आणि तोंडाला एकदाचं काम मिळालं.

सांगतात छान, हे मला लिहावंच लागेल. पडक्या वाड्यात कुठे उभं राहिलं की आवाज घुमतो, ते त्यांना माहीत आहे. ऊन आपल्या पाठीवर आणि लोकांच्या डोळ्यांत येईल असे उभे राहतात, म्हणजे लोकांनी डोळे मिटून नुसतं ऐकावं. कोणत्या खांबापाशी कोणता विनोद, हेही ठरलेलं. पण त्यांची खरी कमाई टेकडीवरच्या देवळात. तिथल्या आतल्या दारापाशी एक लेखाचा दगड आहे. आठशे वर्षांपूर्वी देऊळ बांधणाऱ्या सात पाथरवटांची नावं त्यावर कोरलेली आहेत. राजाचं नाव नाही, फक्त पाथरवटांची. तो दगड आपण कसा शोधला, हे भाऊजी पंचवीस मिनिटं सांगतात. शेवटी लोक टाळ्या वाजवतात.

तो दगड ह्यांनी शोधला.

पाचेक महिन्यांपूर्वी वर्तमानपत्रात चार ओळी आल्या. पुरातत्त्व खातं त्या देवळापाशी फलक लावणार आहे, आणि दगडाचा शोध लावणाऱ्या 'ज्येष्ठ गाईडचं' नाव त्यावर कोरलं जाणार आहे. खात्याच्या अधिकारी बाई येत्या रविवारी टूरच्या वेळी येऊन त्यांची हकीकत लिहून घेतील. मी वर्तमानपत्राची घडी घातली, कपाटातून एक्केचाळीस वर्षांपूर्वीची डायरी काढली आणि टूरच्या ऑफिसात फोन केला. एकच सीट उरली होती, बत्तीस नंबर, शेवटच्या रांगेतली.

आम्ही अकरा वर्षं बोललो नव्हतो. हे गेले त्या दिवशी सकाळी साडेसहाला मी भाऊजींना फोन केला होता. ते दुपारी चारला स्मशानात आले, छातीवर कंपनीचा बिल्ला तसाच. "बत्तीस माणसं होती, वहिनी, मध्येच कशी सोडणार?" असं म्हणाले. मी डायरीत वेळ लिहिली. दुसरं काही लिहिलं नाही.

रविवारी मोजता मोजता त्यांची बोटं माझ्या सीटशी थांबली.

"वहिनी? तुम्ही?"

"तिकीट आहे," मी म्हणाले.

"सांगितलं असतंत तर पुढची सीट ठेवली असती. मागे फार हादरे बसतात."

"मला तुमच्याकडून सीट नको, भाऊजी. दिलेली वस्तू परत घ्यायला आलेय."

शेजारच्या सीटवरची बाई सँडविच खायची थांबली. भाऊजींनी माझ्या मांडीवरच्या डायरीकडे पाहिलं. तपकिरी कापडी बांधणीची, ह्यांनीच आणून दिलेली. त्यांनी ती ओळखली. त्या घरात वाढलेल्या माणसाला डायऱ्या कुठल्या कपाटात असतात हे माहीत असतं.

"बत्तीस," ते ड्रायव्हरला म्हणाले. "चला."

मग माईकवरून त्यांनी त्या दिवशीची खास सूचना दिली. "आज आपल्यात एक ज्येष्ठ बाई आहेत. पायऱ्या बऱ्याच आहेत. ज्यांना जमणार नाही त्यांनी बसमध्ये आरामात बसावं. आमचे ड्रायव्हर गप्पिष्ट आहेत."

ड्रायव्हर आरशात बघून म्हणाला, "मी कुठे गप्पिष्ट? तुमच्यापुढे कोणाला संधी मिळते?"

लोक हसले. मी हसले नाही. पहिल्या देवळात भाऊजींनी नऊ मिनिटं दिली, नेहमीच्या पत्रकात वीस लिहिलेली आहेत. तळघराच्या पायऱ्या ते इतक्या भरभर उतरले की दोघा-तिघांना धाप लागली. मी भिंतीला हात लावत, एकेक पायरी मोजत उतरले. बेचाळीस. वर आले तेव्हा सगळे बसमध्ये बसलेले आणि भाऊजी दारात घड्याळ बघत उभे.

"वहिनी, लोकांना उशीर होतो."

"लोकांना अकरा मिनिटं कमी मिळाली, तर माझ्यामुळे चार जास्त झाली. अजून तुमच्याकडेच सात बाकी," मी म्हणाले.

एक गृहस्थ मागून म्हणाले, "गाईडसाहेब, जेवण कधी?"

"देऊळ आठशे वर्षं थांबलंय, साहेब. तुमचं पोट वीस मिनिटं थांबेल."

हजरजबाबीपणात त्यांना हार नाही. त्यावरच जगले.

जेवणाच्या जागी मी झाडाखालच्या बाकावर बसले होते. डबा सीटवर ठेवून आले होते, भूक नव्हती. भाऊजी येऊन समोर उभे राहिले. बसले नाहीत.

"काय वाचणार आहात?"

"त्या दिवसाचं पान."

"त्यात काय आहे ते मला माहीत नाही असं वाटतं?"

"तुम्ही कधी वाचलंत?"

"घरातल्या सगळ्यांनी वाचलंय. तुम्ही कुलूप कधी लावलं?" त्यांनी आवाज उतरवला. "वाचा की, वहिनी. पण सगळं वाचा. दादाच्या रजेचंही. त्याच्या तेहेतीस वर्षांच्या नोकरीत डाग नाही म्हणून सांगत फिरता ना? वाचा तेही. त्या अधिकारी बाईंसमोर."

आता ती हकीकत मला सांगायला हवी.

हे सरकारी इमारत खात्यात नकाशे काढत. सुटीच्या दिवशी स्वतःच्या हौसेने जुन्या देवळांची मापं घेत. त्या टेकडीवरच्या देवळात त्यांना दिसलं की आतल्या दाराच्या एका पायरीला खालच्या कडेला बारीक नक्षी आहे. ह्यांचं म्हणणं साधं होतं : जमिनीकडे तोंड करून कोणी नक्षी कोरत नाही, म्हणजे दगड कोणीतरी दुरुस्तीच्या वेळी उलटा बसवलाय. रविवारपर्यंत थांबवेना. त्याच आठवड्यात वीस वर्षांचे भाऊजी तापाने फणफणले होते. ह्यांनी ऑफिसात अर्ज दिला, 'भाऊ गंभीर आजारी, शुश्रूषेसाठी तीन दिवस रजा', आणि वही घेऊन टेकडीवर गेले. शुश्रूषा मी केली. दोन मजुरांच्या मदतीने ह्यांनी पहारीने पायरी उलटवली, आणि खाली सात नावं निघाली.

खोटी रजा, त्यात परवानगीशिवाय देवळातला दगड हलवलेला. खात्याला कळवायचं तर होतं, पण ह्यांच्या नावाने कळवलं असतं तर नोकरी गेली असती. म्हणून पत्र भाऊजींच्या नावाने गेलं. ह्यांचं अक्षर सरकारी लोकांना माहीत होतं, म्हणून पत्र मी लिहिलं. भाऊजींनी अंथरुणात उठून बसून सही केली. ठरलं असं की हे निवृत्त झाले की खरं सांगायचं. नाव उसनं दिलं होतं, बक्षीस नाही.

हे निवृत्त झाले त्या महिन्यात त्यांनी भावाला विचारलं. भाऊजी हसले. "दादा, आता बदललं तर माझी लोक टिंगल करतील. आणि तुला कुठे लोकांसमोर बोलायचंय?" हे घरी येऊन म्हणाले, जाऊ दे. मी 'जाऊ दे' लिहिलं, पण माझं काही गेलं नव्हतं. आयत्या बिळावर बसलेल्याला बीळ आपणच खणलं असं वाटायला लागतं, ते त्या दिवशी कळलं.

टेकडीवर अधिकारी बाई आधीच येऊन थांबल्या होत्या. तरुण, हातात फाईल, पायात बूट. भाऊजी दगडापाशी उभे राहिले, सूर्य पाठीशी घेऊन, आणि सुरू झाले. वीस वर्षांचा पोरगा, खिशात दमडी नाही, हातात पहार. "मी बघितलं, खालच्या कडेला नक्षी. आणि मनात म्हटलं, जमिनीकडे तोंड करून कोण नक्षी कोरेल?"

ह्यांचं वाक्य. शब्दही तेच.

"तुम्ही त्या दिवशी इथे नव्हतात, भाऊजी," मी म्हणाले.

लोक वळले. अधिकारी बाईंची लेखणी थांबली. भाऊजी म्हणाले, "या आमच्या वहिनी. वयामुळे जरा..."

"वयामुळे मी सत्तर पायऱ्या चढून आले," मी म्हणाले आणि डायरी उघडली.

मला त्या पानातली पहिली तीन वाक्यं वाचून थांबता आलं असतं. पण मिशनच्या शाळेत आमच्या सिस्टर एखादी ओळ गाळली की सगळं पान पुन्हा लिहायला लावत, आणि साठ वर्षं मी तसंच लिहीत आलेय. मी पान पूर्ण वाचलं.

"'गुरुवार. भाऊजींना ताप. सकाळी सातला एकशे दोन, दुपारी एकला एकशे तीन, संध्याकाळी सहाला एकशे एक. दिवसभर उठले नाहीत. दोनदा दूध, एकदा उलटी. कपाळावर पाण्याच्या पट्ट्या. चादर बदलली. हे भावाच्या आजारपणाची रजा घेऊन टेकडीवरच्या देवळात गेले. मी म्हणाले हे बरोबर नाही. म्हणाले, माहीत आहे. संध्याकाळी साडेसातला आले, गुडघे मातीने भरलेले. पायरीखाली सात नावं निघाली. फार खूश. जेवले नाहीत.' आणि हे शनिवारचं. 'भाऊजींच्या नावाने पत्र लिहिलं. ठरलं : हे निवृत्त होईपर्यंत नाव भाऊजींचं, मग ह्यांचं. भाऊजी हो म्हणाले. ताप उतरला.'"

मागे कोणीतरी कुजबुजलं, "म्हणजे रजा खोटी?" दुसरं म्हणालं, "आणि हे सांगतात तेही खोटं."

अधिकारी बाईंनी फाईल उघडली. त्यात ते मूळ पत्र होतं, पिवळं पडलेलं. त्यांनी ते माझ्या डायरीशेजारी धरलं. उजवीकडे झुकलेली, गोल, शाळेच्या वळणाची अक्षरं, दोन्हीकडे एकच हात.

"सर, हे पत्र तुम्ही लिहिलेलं नाही?" त्यांनी विचारलं.

भाऊजींनी डोक्यावरची टोपी काढली आणि पुन्हा घातली. "लिहिलं वहिनींनी. शोधलं दादाने. बरोबर," ते म्हणाले. मग माझ्याकडे वळून, "पण सांगितलं कोणी? अडतीस वर्षं? दादा तर चार माणसांत तोंड उघडत नव्हता. मी नसतो तर हा दगड कोणाला ठाऊक असता?"

"नाव सांगून सांगायचं होतं," मी म्हणाले.

"तुम्ही मला कायम पाण्यातच पाहिलंत, वहिनी."

"तापात मी तुमच्या कपाळावर पाण्याच्या पट्ट्या ठेवत होते. तेही इथे लिहिलंय."

भाऊजी लोकांना म्हणाले, "चला. पुढे दार बुटकं आहे, डोकं सांभाळा." त्या दिवशी टाळ्या झाल्या नाहीत.

अधिकारी बाईंनी ह्यांचं पूर्ण नाव, खातं, हुद्दा, जन्म-मृत्यूच्या तारखा लिहून घेतल्या. पानांचे फोटो काढले. मी खाली उतरले तेव्हा बस सुरू होती. माईक चालू असल्यामुळे बाहेरही ऐकू येत होतं. मला काचेतून भाऊजी दिसले. दोन बोटं सीटवर टेकवत मागे गेले. शेवटच्या रांगेशी पोचले, बत्तीस नंबरवर माझा स्वेटर आणि डब्याची पिशवी होती. त्यांनी मान वर केली. काचेतून माझ्याकडे सरळ बघितलं, मी दारापासून दहा पावलांवर होते.

"एकतीस," ते म्हणाले. "पूर्ण. चला."

दार बंद झालं आणि बस गेली. पाच वाजून बारा मिनिटं.

मला अधिकारी बाईंनी जीपने घरी सोडलं. वाटेत त्यांनी विचारलं, कंपनीकडे तक्रार करायची का. मी नको म्हणाले. अडतीस वर्षांचा आकडा त्यांनी स्वतःच मोडला होता, त्यात मी काय भर घालणार? दुसऱ्या दिवशी ड्रायव्हर पिशवी घेऊन आला. स्वेटर नीट घडी केलेला. डबा रिकामा, आणि धुतलेला नव्हता.

"हा कोणी खाल्ला?" मी विचारलं.

ड्रायव्हर खाली बघून म्हणाला, "साहेबांनीच. अख्ख्या वाटेत एक शब्द बोलले नाहीत. नुसतं खात होते."

पंधरा वर्षं त्यांनी डबा धुतला नव्हता. आता काय धुणार.

तीन महिन्यांनी फलक लागला. खात्याने मला त्याचा फोटो पाठवला. ह्यांचं नाव, हुद्दा, तारीख, सगळं बरोबर आहे. रजेचा उल्लेख नाही, तो खात्याने आपणहून वगळला.

खालच्या मजल्यावरची शेजारीण मागच्या आठवड्यात ती टूर करून आली. मी विचारलं, दगडापाशी गाईड काय म्हणाले? ती म्हणाली, काहीच नाही. "इथे एक जुना दगड आहे, चला, डोकं सांभाळा," एवढंच. फलकासमोरसुद्धा थांबले नाहीत. लोक पुढे गेले.

मी लिहून ठेवलंय : पंचवीस मिनिटांऐवजी अर्धं मिनिट. माझी त्याला हरकत नाही. फलक दगडाचा आहे, आणि ज्याला वाचता येतं तो वाचेल.