धुळीचं नाव

माझ्या हातून आयुष्यात मूर्खपणा बराच झाला, पण त्यातला अव्वल दर्जाचा मी माझ्या मुलीच्या बारशाला केला. तोही तोंडात पेढा असताना, घरभर बायका जमलेल्या असताना आणि मोठ्या रुबाबात.

तेव्हाची ती बाई, म्हणजे मीच, डोळ्यांसमोर आली की आजही मला तिचे कान पिळावेसे वाटतात. नागपूरहून संस्कृत घेऊन बी.ए. झालेली, पांढुर्ण्याच्या घरात सून म्हणून आलेली, आणि घरात कुणालाच विभक्ती चालवता येत नाही म्हणून मनातल्या मनात सगळ्यांची कीव करणारी. तिची स्वतःची भाकरी तव्यावर कधी फुगली नाही, पण त्याबद्दल तिला स्वतःची कीव कधी आली नाही. ऐंशी साल नुकतंच मागे पडलं होतं आणि शिकलेल्या सुनेला तेव्हा घरात थोडं भिऊनच असत. त्या भीतीचा मी भरपूर फायदा घेतला.

माझी नणंद शांताताई माझ्या नवऱ्याहून मोठी. सौंसरच्या पुढे, रामाकोन्याजवळच्या एका खेड्यात दिलेली. संत्र्याचा लहानसा बगीचा, थोडा कापूस. मूलबाळ नाही. आमच्याकडे बाळाचं नाव ठेवणं हा आत्याचा मान. आत्या पाळण्यात वाकून बाळाच्या कानात हळूच नाव सांगते आणि त्याच वेळी बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाधप धपाटे घालतात. कुर्रर्र करून ताई वाकल्या, बायकांनी हात धुऊन घेतले, आणि पाठ चोळत ताईंनी सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, "रेणुका."

माहूरची रेणुका त्या घराची कुळदेवी. सासूबाईंनी हात जोडले. आणि मी उठले.

"थांबा," मी म्हटलं. "रेणुका म्हणजे काय, ठाऊक आहे का कुणाला? रेणू म्हणजे धूळ. आणि त्या बाईचं तिच्या नवऱ्यानं डोकं उडवायला लावलं, तेही पोटच्या पोराकडून. असलं नाव मी माझ्या मुलीला ठेवू देणार नाही."

"अवं, देवीचं नाव हाय ते!" सासूबाई कळवळून म्हणाल्या.

"मंग तू काय ठेवून राहिली?" एका शेजारणीनं विचारलं.

"पिंकी."

हसा. मीही हसते. धुळीला नावं ठेवणाऱ्या त्या संस्कृत पंडितेनं स्वतःच्या लेकीचं नाव पिंकी ठेवलं, आणि पिंकी म्हणजे काय हे विचारायचं एकीलाही सुचलं नाही. ताईंनी तेवढ्यात पाठीवर हात फिरवला आणि म्हणाल्या, "मार तं मले पडला नं, वैनी." सगळ्या हसल्या, त्याही हसल्या. घुगऱ्यांची पुडी पदरात बांधून त्या संध्याकाळच्या गाडीनं गेल्या, आणि नंतर वर्षभर आमच्या दारात आल्या नाहीत. त्या गेल्यावर सासूबाईंनी सांगितलं, "तिनं माहूरले जाऊन नवस केला होता. सोतासाठी मागून मागून थकली, मंग भावासाठी मागतलं. पोरगी झाली तं तुयं नाव ठेवीन म्हणे." हे ऐकूनही मी मान उडवली. शिकलेली होते ना.

पण एक गोष्ट इथे स्पष्ट लिहून ठेवते. माझा राग खोटा नव्हता. तो आजही तस्साच आहे, वयानं उलट मुरला आहे. रेणुकेची कथा तुम्ही ऐकली असेलच. जमदग्नी ऋषींची ही बायको रोज नदीवर जायची आणि ओल्या वाळूची घागर वळून तिच्यात पाणी भरून आणायची. एवढं तिच्या मनाचं बळ. एक दिवस नदीत जलक्रीडा करणारा गंधर्व दिसला, क्षणभर मन तिकडे गेलं, आणि वाळूची घागर काही केल्या वळेना. उशीर झाला. नवऱ्यानं ओळखलं आणि मुलांना सांगितलं, हिला मारा. परशुरामानं मारलं. पुढे वर मागून तिला जिवंतही केलं म्हणे, फार उपकार केले. ही गोष्ट सांगणारे म्हातारे घागर न वळण्यापाशी आले की कसे रंगात येतात, ते मी लहानपणापासून पाहिलं आहे. एक विचार मनात आला म्हणून मान उडवायची? मग या सांगणाऱ्यांच्या खांद्यांवर मुंडकी कशी शिल्लक राहिली? पुरुषाच्या मनात दिवसभर काय काय येतं, त्याची कुणी वाळूची घागर करून तपासली आहे का? चिडायला मी बरोबर होते. फक्त तो राग ज्यांच्यावर काढायला हवा होता त्यांच्यावर न काढता मी तो त्या गरीब नणंदेवर काढला. ती समोर होती आणि उलट बोलणारी नव्हती, एवढाच तिचा गुन्हा.

पुढच्या उन्हाळ्यात ताईंच्या दिराचं लग्न निघालं. ह्यांना रजा नव्हती, ते हळदीपर्यंत येणार होते, आणि मला लेकराला घेऊन पुढे जायला सांगितलं. फाट्यावर बैलगाडी पाठवा असा निरोप देणं सोपं होतं. पण ज्यांचा मान मोडला त्यांच्याकडे गाडी कशी मागायची, म्हणून मी कोणत्या दिवशी येते हेसुद्धा कळवलं नाही. पिंकी तेव्हा धरून धरून उभी राहायला लागली होती. सकाळपासून तिला पातळ होत होतं. दात येताहेत, मी स्वतःला समजावलं. पांढुर्ण्याहून सौंसर, सौंसरला गाडी बदलून पुढे, आणि या सगळ्या प्रवासात ती ओकत राहिली, जुलाब होत राहिले. बरोबरचं पाणी तिला पाजण्यात आणि तिला धुण्यात संपलं.

फाट्यावर उतरले तेव्हा वैशाखाची भर दुपार होती. रस्त्यावर चिटपाखरू नाही. ताईंचं गाव नदीपलीकडे, पात्र ओलांडलं की जवळ, हे मला माहीत होतं. पात्रात उतरले. पाण्याचा थेंब नाही, इकडून तिकडे नुसती पांढरी तापलेली वाळू. अर्ध्यात पोचले आणि कडेवरचं लेकरू एकदम जड झालं. मान टाकली. डोळे आत गेलेले, ओठ कोरडे, रडायला आवाजही नाही. मीठ-गुळाचं पाणी पाजायचं, हे मला ठाऊक होतं. दवाखान्याच्या भिंतीवर चित्रं काढून लिहिलेलं असायचं. शिदोरीच्या डब्यात मीठ होतं, गूळ होता. पाणी नव्हतं. पांढुर्ण्यात आमच्या घरामागे जाम नदीच्या वाळूत उन्हाळ्यात बायका झिरे उकरून पाणी भरतात, हे मी रोज पाहत होते. त्या घटकेला ते आठवलंसुद्धा नाही.

मी वाळूत बसले, पदराची सावली तिच्यावर धरली. लोक म्हणतात, संकटात देव आठवतो. मला आठवली ती देवी, आणि मी तिला हात जोडले नाहीत. मी तिच्याशी भांडले. मोठ्यानं, त्या रिकाम्या नदीत. तुझं नाव टाकलं ते मी टाकलं ना? मग हिला काय म्हणून? तुलाही न केलेल्या गुन्ह्याची शिक्षा झाली होती, तू तरी असं करू नकोस. डोकं हवं तर माझं घे, फार काही नाही त्यात, थोडे विभक्ती-प्रत्यय आहेत. असंच काहीबाही बोलले. आणि मग रागही संपला. आता तूच बघ, एवढंच म्हणाले. माझ्या आयुष्यातली ती पहिली खरी प्रार्थना, आणि तीसुद्धा दुसरा काही इलाज उरला नाही म्हणून.

मान वर केली तर पात्राच्या वरच्या अंगाला एक बाई दिसली. वाळूत पाय दुमडून बसलेली, डोक्यावर पदर, हातानं वाळूतून पाणी घेत होती आणि घागर भरत होती. उन्हाची झळ अशी होती की तिचं सगळं अंग हलत होतं, घागरही. मी काय समजले, ते मी कुणाला सांगत नाही, तुम्ही समजा. लेकराला छातीशी धरून मी तिच्या दिशेनं धडपडत निघाले. तिनं वळून पाहिलं आणि उठून उभी राहिली.

"अवं वैनी! उन्हात काहून मरून राहिली वो? अन् लेकराले काय झालं?"

शांताताई होत्या.

पुढचं सारं भराभर झालं. त्यांनी लेकरू ओढून घेतलं, मला म्हणाल्या, "गूळ हाय का? दे." घागरीतलं पाणी वाटीत ओतलं, मी मीठ-गूळ कालवला, आणि त्या बोटानं थेंब थेंब तिच्या ओठांत सोडू लागल्या. तेवढ्यात माझं लक्ष घागरीला बांधलेल्या हळदीच्या दोऱ्याकडे गेलं. लग्नाआधीच्या कुळाचारासाठी नदीचं ताजं पाणी न्यायची त्यांच्याकडे रीत होती.

"ताई, हे देवीचं पाणी आहे," मी म्हटलं.

"देवी थांबन वो घडीभर. लेकरू थांबन का?" आणि पुन्हा त्या पोरीवर वाकल्या. "रेणू, ए रेणू. गीळ माय. गीळ, माही शहाणी. आत्या हाय नं इथं."

रेणू. वर्षभर त्यांच्या तोंडी तिचं हेच नाव होतं, आमच्या नकळत. पोरीनं एक घोट गिळला, मग दुसरा. मग तोंड वाकडं करून ती रडली, आणि डोळ्यांत पाणी आलं. त्या रडण्याइतका गोड आवाज मी आजवर ऐकलेला नाही.

बैलगाडीनं सौंसरच्या दवाखान्यात नेलं. सलाइन लागलं. डॉक्टर म्हणाले, वाटेत पाणी मिळालं म्हणून बरं झालं. नंतर कळलं की कुळाचाराचं पाणी ताईंनी सकाळीच नेलं होतं. मांडवाच्या गर्दीत कुणाच्या तरी पायानं घागर कलंडली, म्हणून त्या चरफडत भर दुपारी पुन्हा नदीवर आल्या होत्या. तो पाय कुणाचा, हे कळलं नाही. मी त्या पायाला रोज मनातून नमस्कार करते. यापलीकडे या गोष्टीचा अर्थ लावायचा मी प्रयत्न केला नाही. अर्थ लावायची हौस त्या बारशातच फिटली होती.

पण इतरांची फिटली नव्हती ना! लग्नघरच्या बायका बघायला आल्या आणि खाटेभोवती उभ्या राहून कुजबुजल्या, "नाव टाकलं होतं नं, देवीनं झटका देल्ला." माझ्या अंगाचा तिळपापड झाला, आणि आज हे लिहितानाही होतो. आईच्या जिभेचा हिशेब तान्ह्या लेकराकडून चुकता करते ती देवी कसली? अशा देवीला मी हात जोडणार नाही. कुणी जोडूही नयेत. मी ज्या देवीला मानते ती त्या दुपारी स्वतःच्या पूजेचं पाणी लेकराला देऊन बसली होती. तुम्ही तिला काय समजता, तुमचं तुम्ही बघा.

सलाइनच्या बाटलीकडे बघत बसले असताना मला आणखी एक गोष्ट दिसली, आणि ती बायकांच्या बोलण्याहून जास्त झोंबली. रेणुकेनं किती वर्षं वाळूत पाणी धरून आणलं, त्याची कुणी गोष्ट सांगत नाही. घागर वळली नाही तो एक दिवस मात्र सगळ्यांना तोंडपाठ. जमदग्नीनंही तेवढाच पाहिला. आणि बारशाला मी काय केलं? तिच्या सगळ्या आयुष्यातून तेवढा एकच दिवस उचलला, नावातून एकच अर्थ उचलला, आणि ज्या बाईनं नवस बोलून माझ्या लेकीला मागून आणलं होतं तिचं डोकं भरल्या घरात उडवलं. जमदग्नीवर दात-ओठ खाणारी मी, त्या दिवशी जमदग्नीच होते. दाढी तेवढी नव्हती.

रेणू म्हणजे धूळ, हे खरंच आहे. पण फुलातल्या परागालाही रेणूच म्हणतात, ज्याच्यामुळे ताईंच्या बगीच्यातल्या बहराची संत्री होतात. आणि वाळूचा कण तोही रेणूच, वरून पोळणारा आणि हातभर खाली पाणी धरून ठेवणारा. मुंडकं उडवलं म्हणतात, तर लोकांनी माहूरला त्या मुखालाच देव केलं, तिथे नुसतं मुखच आहे. मारायला लावणाऱ्या नवऱ्याला कुणी तितका शेंदूर लावत नाही, हे पाहून मला अजूनही आसुरी आनंद होतो. देवी मला माफ करील. भांडणारीची तिला सवय आहे. शरण जाणं म्हणजे राग सोडणं, असं मला वाटत नाही. आपला राग योग्य पायाशी नेऊन ठेवणं आणि मग हात रिकामे करणं, इतकंच मला जमलं आहे.

दवाखान्यातून सुटी मिळाली त्या दिवशी मी शांताताईंचे पाय धरले. म्हटलं, "ताई, घरी जाऊन आपण पुन्हा बारसं करू. पाळणा बांधू, बायका बोलावू. तुम्ही नव्यानं नाव ठेवा." ताईंनी पोरीला खांद्यावर घेतलं, तिच्या पाठीवर थोपटलं आणि माझ्याकडे बघून हसल्या.

"कायले वो? अजून मार खाऊ का मी? नाव तं मी पोरीच्या कानात सांगतलं होतं, वैनी, तुह्या नाही. तिनं कवा नाही म्हटलं?"