फक्त तुझ्या कानापुरतं

युद्धगुन्ह्यांच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात काचेमागे पत्रकारांच्या दोन रांगा होत्या. पुढच्या रांगेतली कोपऱ्यातली खुर्ची सतरा वर्षं एकाच बाईची. सगळं वहीत लिहायची म्हणून पहारेकरी तिला वहीवाली म्हणत. नवऱ्याने तिच्यापुढे हात टेकले होते. "घरी असलीस तरी तिथेच असतेस," तो म्हणायचा, आणि ते खोटं नव्हतं.

त्या वर्षी एका सेनाधिकाऱ्यावर खटला चालू होता. त्याच्या सैनिकांनी एका शिवणकाम करणाऱ्या बाईचे दोन्ही भाऊ घरातून ओढून नेले होते. साक्ष द्यायला ती तयार नव्हती. वहीवालीने दोन वर्षं तिच्या घरी खेपा घातल्या, तेव्हा कुठे ती राजी झाली. पडद्याआडून, आवाज बदलून ती बोलू लागली. नाव उघड करायला न्यायालयाची सक्त मनाई होती.

तिच्या वर्तमानपत्राच्या संपादकाने फोन केला. दोघांनी पत्रकारितेतली उमेदवारी एकाच टेबलावर केलेली. तो म्हणाला, "बाई खरी आहे हे मला तरी कळू दे. नाव काय तिचं?"

"फक्त तुझ्या कानापुरतं हं," असं बजावून तिने नाव सांगितलं.

दुसऱ्या दिवशी पहिल्या पानावर मथळ्यातच ते नाव होतं. आठवड्याभरात शिवणवालीच्या घरावर दगड पडले. उरलेली साक्ष द्यायला ती आलीच नाही, आणि भावांबद्दलचा आरोप वगळला गेला.

न्यायालयाने चौकशी लावली. संपादक शपथेवर शांतपणे म्हणाला, "नाव तिनेच दिलं. मनाई आहे, छापू नकोस, असं काही बोलली नाही." वहीवाली त्याच्याकडे बघतच राहिली. तो मात्र चष्मा पुसत होता. तिची पाळी आली तेव्हा तिने घडलं ते सगळं सांगितलं. नाव आपल्याच तोंडून गेलं हेही लपवलं नाही. तिचा प्रवेशपास कायमचा काढून घेतला. संपादकाला समज देऊन सोडलं.

सेनाधिकाऱ्याला इतर आरोपांत शिक्षा झाली. त्याच दुपारी संपादकाचा फोन आला. "झालं गेलं सोड गं. निकालावर आठशे शब्द देशील? तुझ्याइतकं हे कुणाला ठाऊक आहे?"

तिने फोन ठेवून दिला.

पुढच्या महिन्यात पीडितांच्या वकीलबाईंनी तिला कचेरीत बोलावलं. शिवणवाली तिथे बसली होती. वहीवालीने सगळी हकीकत सांगायला सुरुवात केली: कोणी विचारलं, कोणी शब्द फिरवला.

शिवणवालीने तिला मध्येच थांबवलं. "त्या माणसाला मी ओळखत नाही, ताई. मी नाव तुम्हाला सांगितलं होतं."