दारात न मावणारा जवान

आमच्या पुंडलिकनगरातल्या पेंटरकाकांना लहान काही काढताच येत नसे. उमेदीची सगळी वर्षं थिएटरबाहेरची अवाढव्य पोस्टरं रंगवण्यात गेलेली; त्यामुळे नाक म्हटलं की ते हातभर. माझ्या मुलीला त्यांनी वहीत ससा काढून दिला, तर त्याचे कान वही सोडून टेबलावर गेले.

त्यांच्याबरोबर युद्धाचा सिनेमा बघणं ही एक शिक्षाच होती. नायकाकडे त्यांचं लक्षच नसे. मागे कुठेतरी गोळी लागून एखादा जवान पडला, की माझा दंड गच्च धरून मोठ्यानं विचारत, "त्या पडलेल्याचं नाव काय हो? त्याच्या घरी कळलं का?" आजूबाजूचे लोक चिडत आणि मी अंधाराचे आभार मानी. पण काकांचं पुढचं वेड या प्रश्नातूनच सुरू झालं. म्हातारपणी ते लढाईत कामी आलेल्या, आपल्याच भागातल्या जवानांची चित्रं काढून घरपोच देऊ लागले. सगळी पोस्टरच्या मापाची, आणि गालांवर नायकाची लाली! ती जरा कमी करा म्हटलं, तर म्हणाले, "सर, तुमी शाळेतले पेपर तपासा. हितं आईनं वळखलं, की पोरगा पास."

वैजापूरकडच्या एका म्हातारीजवळ मुलाचा ओळखपत्रावरचा पुसट फोटो तेवढा होता. काका उन्हाळाभर त्या चेहऱ्याशी झटले. टेम्पोतून चित्र घेऊन आम्ही गेलो, तर ते दारातून आत जाईना. आडवं केलं, तिरकं केलं; सल्ला द्यायला अर्धं गाव जमलं. म्हातारीनं बाहेर येऊन त्या चेहऱ्याकडे टक लावून बघितलं आणि ती तडक आत निघून गेली.

काका ओट्यावर मटकन बसले. "नाय वळखलं," म्हणाले. "लई चुकलं माझं." मला त्यांच्याकडे बघवेना.

तेवढ्यात म्हातारी परत आली. एका हातात भाकरीचा तुकडा, दुसऱ्यात पाण्याचा तांब्या. लांबून घरी आलेल्या माणसावरून ओवाळतात, तसा तिनं तो तुकडा चित्रावरून ओवाळून लांब टाकला आणि दारात पाणी ओतलं.

"ओवाळल्याबिगर आत येतच नव्हता कधी," ती म्हणाली. "आता घ्या त्याला आत. दाराची चौकट काढाया लागली तर काढा."

गावकऱ्यांनी खरोखरच चौकट काढली. परतताना थेट घराजवळच्या गारखेड्यापर्यंत काका टेम्पोत मुसमुसत होते, आणि खरं सांगायचं तर मीही.

आता काका नाहीत. युद्धाचा सिनेमा मला शांतपणे बघता येतो. पण मागे कुणी पडलं, की माझा दंड अजून वाट बघतो.