सासऱ्यांचा तीळ आणि सी-४४

आता स्वतःची फजिती स्वतःच्याच तोंडाने कशी सांगू? पण ऐका.

मी गुडगावला मेडिकल कोडिंग करते. म्हणजे डॉक्टरांनी काय कापलं ते कागदावर वाचायचं आणि त्याला ठरलेला नंबर लावायचा. सात वर्षं नुसत्या कातडीवरच्या गाठी आणि तीळ. त्यामुळे डॉक्टरांपेक्षा मलाच जरा जास्त कळतं, असा माझा समज होता.

जानेवारीत सासऱ्यांच्या पाठीवरचा मोठा तीळ काढला. तासाभराचं काम. तुकडा तपासायला गेला आणि आम्ही दिल्लीत द्वारकेला घरी आलो. नवरा दौऱ्यावर. बाबा आडवे झाले आणि मी सवयीने फाइल उघडली. कोपऱ्यात पेनाने लिहिलेलं: सी-४४.

मी तो नंबर दोनदा वाचला. आमच्या यादीत सी-४४ म्हणजे त्वचेचा कॅन्सर.

बाबांना सांगायचं कसं? मी पुण्याला नणंदेला फोन केला. "बाबांना कळू देऊ नकोस," असंही बजावलं. दुसऱ्या सकाळी ती विमानाने आली आणि दारातच बाबांच्या गळ्यात पडून रडायला लागली. मग काय लपवणार, कपाळ?

बाबांनी तिला खुर्चीत बसवलं. "बरं," एवढंच म्हणाले. मग त्यांनी खालच्या मजल्यावरच्या गुप्ताजींना फोन लावला. पार्किंगवरून दोघांचं चार वर्षं बोलणं बंद होतं.

"यार गुप्ता, गलती मेरी थी," बाबा म्हणाले. तिकडे गुप्ताजी रडले, इकडे मी ओढणीला डोळे पुसले.

दुपारी ड्रेसिंगला गेलो. मी डॉक्टरांना बाजूला घेतलं. "सर, रिपोर्ट आए बिना आपने सी-४४ कैसे लिख दिया?"

डॉक्टरांनी फाइल पाहिली, मग नर्सकडे पाहिलं.

"मॅडम, ये तो लॉकर नंबर है," नर्स म्हणाली. "अंकल का स्वेटर अभी तक उसी में पडा है. चाबी आप ले गई थीं."

चावी माझ्या पर्समध्येच होती.

आणि सांगू का, ऑफिसात नव्या मुलांना पहिल्या दिवशी मीच शिकवते: तपासणीचा रिपोर्ट आल्याशिवाय कॅन्सरचा कोड लावायचा नाही.

चार दिवसांनी रिपोर्ट आला. साधा तीळ. नणंद हसत परत गेली. बाबा मात्र माझ्यावर नाराज.

"अगं, चार वर्षं नीट जपलेलं भांडण होतं," ते म्हणाले. "आता मागितलेली माफी परत कशी घेऊ?"

गुप्ताजी हल्ली रोज सकाळी सातला चहाला येतात. आलं जास्त, साखर कमी, आणि दुसरा कप न मागता द्यायचा. तो चहा, अर्थातच, मी करते.